नवशाच्या लग्नाचा चौक

डोंगराखालच्या एका वारली पाड्यावर नवशा नावाचा भोळा तरुण राहत होता. सांगितलेले तो कधी विसरत नसे. अडचण तीच होती.

त्याचे लग्न आठ दिवसांवर आले. भिंतीवर लग्नाचा चौक काढल्याशिवाय लग्न लागत नाही, आणि या चौकात एकही आकृती चुकलेली किंवा कमी चालणार नाही, असे होणाऱ्या सासऱ्याने, धाकलजीने, बजावले होते. चौक काढायला वणशी आत्या बसली. पांढऱ्या रेषांसाठी तांदळाचे पीठ आणि भिंतीसाठी लाल गेरू कालवून देणे, एवढेच काम नवशाकडे होते.

हा गोल काय, असे त्याने विचारले. सूर्य, असे आत्याने सांगितले. आणि माणूस?

"टोकाला टोक लावलेले दोन त्रिकोण. कंबर चिमटीएवढी. चुकला, तर वरून गेरू फासायचा आणि पुन्हा काढायचा."

नवशाने अंगणातले ओले भात उचलले आणि भिंतीवरच्या सूर्याखाली वाळत घातले. तिसऱ्या दिवशी भाताला कोंब आले.

आत्याने कपाळाला हात लावला. "अरे, भिंतीवर असते ती नुसती खूण. ते खरे नसते."

दुसऱ्या दिवशी भिंतीवर विंचू होता. ही खूण कशाची ते कळावे म्हणून नवशाने तिच्यावर बोट ठेवले. बोटाचे वांगे झाले. पाला बांधताना आत्या म्हणाली, "हलते ते खरे. हलत नाही ते चित्र."

"म्हणजे मी बोट लावल्यावर तो खरा झाला."

आत्याने पाल्याची गाठ करकचून आवळली.

लग्नाच्या आदल्या दिवशी आत्या पाण्याला गेली असताना धाकलजी चौक तपासायला आला. पांढरा सदरा, पुढे आलेले पोट. भिंतीला नाक लावून तो एकेक आकृती पाहत निश्चल उभा राहिला.

नवशा आत आला. भिंतीवर, पांढरे, न हलणारे. आत्याने सासरा हुबेहूब उतरवला होता. फक्त कंबर चुकली होती. चिमटीच्या जागी पोट होते. अशा चौकापुढे लग्न कसे लागणार?

त्याने गेरूचे भांडे घेतले आणि मानेपासून गुडघ्यापर्यंत नीट फासले. धाकलजी थिजला. तो हलत नाही हे पाहून नवशाने पिठात काडी बुडवून पाठीवर पहिला त्रिकोण काढला.

दुसरा काढायला घेतला, तेव्हा धाकलजी वळला आणि एक शब्द न बोलता दाराबाहेर पडून आपल्या गावाच्या वाटेला लागला. हंडा घेऊन येणाऱ्या आत्याला तो लाल सदरा आणि त्यावरचा त्रिकोण लांबवर दिसत राहिला.

घरात नवशा हातात काडी धरून रिकाम्या जागेकडे पाहत होता.

"आत्या, चौकातला एक माणूस निघून गेला. आता लग्न कसे लागणार?"

हा प्रश्न मात्र त्याने बरोबर विचारला होता.