नवव्या दिवसाचं पोसोले

“बुवा, आता त्यात घालू तरी काय?”

शार्दूल मठाच्या स्वयंपाकघराच्या दारात उभा होता. हातात भरलेला वाडगा तसाच होता.

मी मुळा चिरत होतो. या माणसाच्या तोंडचं पाणी पळालेलं मी पहिल्यांदाच पाहिलं. मोठमोठ्या हॉटेलांत शेफ होता, आठ महिने मेक्सिकोत राहून आलेला. बुवांचा शिष्य होऊन दीड वर्ष झालं, तरी आमच्या आमटीला नावं ठेवणं काही सुटलं नव्हतं.

केसोबुवा पाटावर बसून कोथिंबीर निवडत होते.

“काय झालं?”

“मार्ताबाईंनी वाडगा ठेवून दिला.”



मार्ताबाई मूळच्या मेक्सिकोच्या. वीस वर्षांपूर्वी बुवांचा अनुग्रह घेतला, मांस सोडलं आणि इथल्याच झाल्या. त्यांचा एकुलता एक मुलगा तोमास तिकडे अपघातात गेला. बाईंना तिकीट मिळेपर्यंत त्याला मातीही देऊन झाली होती. तेव्हापासून बाई नुसत्या लिंबूपाण्यावर.

त्यांच्या गावात माणूस गेला की नऊ दिवस प्रार्थना करतात आणि नवव्या दिवशी पोसोले वाढतात. मक्याचे टपोरे दाणे चुन्याच्या पाण्यात उकडायचे, चोळून धुवायचे आणि लाल मिरचीच्या रश्शात डुकराच्या मांसाबरोबर शिजवायचे. “उपास त्यानंच सोडीन, पण मांसाशिवाय,” बाई म्हणाल्या होत्या. आज नववा दिवस. सकाळी डॉक्टर नाडी बघून म्हणाले, “आज पोटात अन्न गेलंच पाहिजे. उद्याचं मी सांगू शकत नाही.”

आम्हा सगळ्यांचा जीव टांगणीला लागला होता. शार्दूल तेवढा खुशीत. “मांस नाही हे बाईंना ओळखू आलं, तर मिशी उतरवीन!” कोवळा फणस उकडून त्यानं त्याचे धागे असे सोडवले, की पातेल्यात डोकावल्यावर मलाच ते मांस वाटलं.

“ठेवून दिला म्हणजे?” बुवांनी विचारलं.

“एक घास घेतला… आणि थुंकल्या. म्हणाल्या, ‘माझ्या मुलाच्या नावानं मला मांस चारलंस?’”

बुवांचा हात थांबला.

“मी गळ्याची शपथ घेतली, बुवा! फणस आहे, फणस! ऐकायलाच तयार नाहीत. भिंतीकडे तोंड करून पडल्यात.”

“म्हणजे जमलं तुला.”

“टोमणे नका ना मारू.” शार्दूल रडकुंडीला आला. “ओठ निळे पडलेत त्यांचे. काही बरंवाईट झालं तर… माझ्या हातून होईल ते.”

बुवा उठले. पातेल्याचं झाकण काढलं, झारा घेतला आणि फणस उपसायला लागले. एक झारा, दोन झारे… ताटात ढीग झाला.

“अहो, हे काय करताय? मशरूम घालू का? सोयाबीन?”

झाऱ्याला शेवटचा धागा लागेपर्यंत बुवा थांबले नाहीत. पातेल्यात उरले मक्याचे दाणे आणि लाल रस्सा.

त्यांनी वाडगा भरला, वर माझा मुळा घातला आणि शार्दूलच्या हातात दिला.

“चल.”

“मी नाही येत. मला भीती वाटते.”

“मलाही वाटते. चल.”

मीही मागोमाग गेलो. हातात सुरी आहे, हे बाईंच्या खोलीत गेल्यावर कळलं. लाजून ती पाठीमागे लपवली.

बाई अजून भिंतीकडेच तोंड करून होत्या. श्वास चालू आहे की नाही, तेही मला पटकन दिसेना.

“मार्ता,” बुवा म्हणाले, “तोमासचं जेवण आणलंय.”



मग बाई वळल्या. कशाबशा उठून बसल्या. वाडग्यात चमचा घातला आणि तळापासून वरपर्यंत ढवळला. पुन्हा ढवळला. एकेक दाणा बाजूला सारून बघत होत्या.

शार्दूल बुवांच्या कानाशी लागला. “शोधतायत, बुवा… काहीच सापडणार नाही त्यांना.”

चमचा थांबला.

बाईंनी आमच्याकडे बघितलं. मी देवाचं नाव घेतलं, खोटं कशाला सांगू.

मग त्यांनी चमचा भरला आणि तोंडात घातला. चावता चावता त्यांचा चेहरा वेडावाकडा झाला. नऊ दिवस कोरड्या राहिलेल्या डोळ्यांतून धारा लागल्या. तरी दुसरा चमचा भरलाच.

शार्दूलनं बुवांचा दंड गच्च धरला. “बुवा… कळलं हो त्यांना! यात काय नाही ते कळलं!”

“अरे, कोण नाही ते तिला नऊ दिवसांपासून ठाऊक आहे. तू जवळ बस.”