सज्ज्यातली रिकामी खुर्ची

अंबरगडच्या राजेसाहेबांनी नेपथ्यावर एक जाडजूड ग्रंथ लिहिला होता. शिकलेला माणूस रंगमंचावरच्या भुताला कधीच भीत नाही, असं त्यात ठासून सांगितलं होतं. संस्थानात उतरलेल्या नाटक कंपनीच्या नव्या नाटकात भुताचा प्रवेश आहे हे कळताच त्यांनी कंपनीचे नेपथ्यकार बाबली मेस्त्री यांना बोलावलं.

"मुखवटा नको, पांढरं लुगडं नको. तरीही आम्हाला भूत दाखवा. नाही जमलं तर कंपनीनं संस्थान सोडायचं."

मेस्त्रींनी आठ दिवस मागितले. कंपनीतली चाळीस माणसं त्यांच्या तोंडाकडे बघत होती, पण त्यांनी कुणाला काही सांगितलं नाही.

नवव्या दिवशी दुपारी राजेसाहेब दिवाणांसह नाट्यगृहातल्या आपल्या सज्ज्यात येऊन बसले. पडदा वर गेला. रंगमंचावर हुबेहूब तोच सज्जा उभा होता. तीच मखमली खुर्ची, तिच्या हातावर टाकलेली तीच शाल. खुर्ची मात्र रिकामी होती. एक म्हातारा नोकर आला. त्यानं डोळे पुसले, शालीची घडी घातली, खुर्चीवर चादर पसरली आणि दिवा मालवून तो निघून गेला.



"मेस्त्री," राजेसाहेबांनी सज्ज्यातून हाक मारली, "खुर्ची तर रिकामी आहे. भूत कुठंय?"

 मेस्त्री विंगेतून पुढे आले आणि हात जोडून म्हणाले, "सरकार, ते समोरच्या सज्ज्यात बसून हे सगळं बघतंय."

 राजेसाहेबांनी हळूच दिवाणांपुढे मनगट केलं.

"जरा हात लावून बघा," ते म्हणाले, "आम्ही गार तर पडलो नाही ना?"