लिथारीची गावचूल

ग्रीसच्या किनाऱ्यावर लिथारी नावाचं एक डोंगरगाव आहे. तिथल्या पडक्या सभाघरात मधोमध एक गोल चूल आहे आणि दारात एक काळा दगड. पाहुणे तो दगड ओलांडायला लागले, की किल्ल्या सांभाळणारी द्रोसूला आजी त्यांना हटकते. "ओलांडू नका. पाय द्या, चांगले पुसून घ्या. खाली गावाचा पहिला राजा आहे." बाकीच्या गावांत गाव वसवणाऱ्या राजाची चौकात समाधी असते, तिच्यावर मध आणि मद्य वाहतात. लिथारीत त्याच्यावर चिखलाचे पाय पुसतात. आजी चुलीच्या कडेला टेकते आणि त्याचं कारण सांगते.

फार जुन्या काळी, म्हणे, समुद्रापलीकडच्या अस्तेरा नगरात माणसं मावेनाशी झाली. तेव्हा मेलांद्रोस नावाचा सरदार तीन जहाजं घेऊन नवं गाव वसवायला निघाला. त्या काळचा रिवाज असा, की मायनगरीच्या चुलीतला विस्तव न्यायचा आणि नव्या गावची चूल त्याच्यावरच पेटवायची. दुसरी आग चालत नसे. मेलांद्रोसने राखेत झाकलेल्या निखाऱ्यांचं मडकं आपल्या एकुलत्या एका लेकीच्या, एवांथेच्या, मांडीवर दिलं. मग धक्क्यावर उभं राहून त्याने सगळ्यांदेखत शपथ घेतली. ज्याच्या हातून आमची आग विझेल, मग तो कुणी का असेना, त्याला नव्या गावात जिवंत पुरीन. शपथ कुणी मागितली नव्हती हो त्याच्याकडे. पण चारचौघांत मोठं दिसायची हौस आली, की जीभ सैल सुटते.

तिसऱ्या दिवशी भर दुपारी वादळ आलं. एक लाट जहाजात शिरली आणि मडक्यात पाणी भरलं. पोरीने झाकण लावलं आणि ती गप्प बसली. किनारा लागल्यावर ती खडकाआड गेली, दोन गारगोट्या घासल्या, वाळल्या गवतावर ठिणगी धरली आणि मडकं पुन्हा धगधगतं केलं. हे फक्त तिच्या दाईला, मिर्तोला, ठाऊक होतं.

चूल पेटवताना एक प्रश्न विचारायचा असतो. आता गावाचा राजा झालेल्या मेलांद्रोसने तो रीतीप्रमाणे लेकीला विचारला, "आग कुठली?" उत्तर ठरलेलं होतं: आईच्या घरची. एवढे दोन शब्द म्हटले असते तर पोर वाचली असती. पण चुलीसमोर खोटं बोललं तर तिच्यावर शिजलेला घासन् घास बाटेल, अशी तिची श्रद्धा. असं सांगतात, की ती बापाकडे बघून म्हणाली, "इथलीच."

मेलांद्रोसच्या तोंडचं पाणी पळालं. लोक कुजबुजायला लागले. मिर्तोने त्याचे पाय धरले, "राजे, शब्द गिळा. लेक परत मिळायची नाही." लेकीवर त्याचा जीव होता, यात शंका नाही. पण आज शब्द फिरवला तर उद्या या गावात माझं ऐकणार कोण, हा विचार त्याच्या डोक्यातून जाईना. शेवटी चुलीशेजारी खड्डा खणला गेला. एवांथे आपल्या पायांनी उतरली. माती तिच्या गळ्याशी आली तेव्हा, म्हणे, तिने एवढंच विचारलं, "बाबा, तुम्ही आहात ना इथेच?" तो होता. पण त्याच्याने ओ देववली नाही.

मग ती आग खोटी म्हणून त्याने स्वतःच्या हाताने समुद्राचं पाणी चुलीवर ओतलं. खरी आग आणायला एक जहाज माघारी धाडलं. चाळीस दिवस गावाने भिजवलेले दाणे खाल्ले. म्हातारी माणसं गारठ्याने गेली.

जहाज रिकामं मडकं घेऊन आलं. अस्तेरा उरलंच नव्हतं. हे लोक निघाले त्याच आठवड्यात शत्रूने नगर लुटलं होतं आणि तिथली चूल फोडून टाकली होती. साऱ्या जगात या लोकांची अशी एकच आग उरली होती, ती पोरीने पेटवलेली, आणि तीही आता विझवलेली.

सभाघरात मिर्तो पुढे आली आणि सावकाश म्हणाली, "शपथेत हात म्हणाला होतात, राजे. जहाजावरची आग लाटेने विझवली, तिथे पोरीचा हात नव्हता. इथली कुणाच्या हातून विझली?"

मेलांद्रोस आपल्या हातांकडे बघत राहिला. मग त्याने स्वतःच कुदळ मागितली. लेकीशेजारी जागा द्या, एवढीच त्याची मागणी होती, पण मिर्तोने ती दिली नाही. "चुलीपाशी तुमचं काय काम? दारात पडा." त्याच्यावर दगड बसवल्यावर म्हातारीने एवांथेच्या गारगोट्या कमरेच्या पिशवीतून काढल्या आणि चूल पेटवली.

आजी इथे थांबते, गुडघ्यावर हात टेकून उठते आणि गावाकडे बोट दाखवते. आजही लिथारीत नवी सून दारात आली, की सासू तिच्या हातात जळती काडी देते आणि विचारते, "आग कुठली?" तिने "इथलीच" म्हणायचं असतं. कधी एखादी पोर परक्या घराला बुजते, तिचं तोंड उघडत नाही. तेव्हा तिच्याकडे दुसऱ्यांदा उत्तर मागत नाहीत. सासूच घाईघाईने तिच्या वतीने ते म्हणून टाकते आणि तिला हाताला धरून आत घेते.