अजगराची मोजणी

एका जंगलात सगळे प्राणी कायद्याने राहत. वाघ राजा होता, त्यामुळे त्याला तशी गरज पडत नसे.

त्या जंगलात करवंदीच्या जाळीखाली भागू नावाची साळिंदरीण पिल्लांसह राहायची. बिळापुढे तिचा कंदांचा पट्टा होता आणि पट्ट्याला लागून दाजीबा रानडुकराची जमीन. दाजीबा तसा स्वभावाने चांगला. फक्त दर पावसाळ्यात तो मधला बांध नाकाने थोडा पुढे ढकलायचा. बांध बिळाच्या तोंडाशी आला तेव्हा भागूने मोजणीसाठी अर्ज केला.

मोजणीला बगळेसाहेब आले. सोबत अजगर होता. त्या जंगलात जमीन अजगराने मोजत. भागू आणि दाजीबा, दोघांच्या वाट्याला दहा-दहा अजगर जमीन होती.

आधी दाजीबाची बाजू मोजली. मोजणीनंतर जेवण आहे असं दाजीबाने कानात सांगितल्यामुळे अजगर दहाही वेळा दोरीसारखा ताणला गेला. मग जेवण झालं. भागूच्या बाजूला तो वेटोळं करून पेंगतच मोजत होता. तिचे दहा अजगर बिळाच्या अलीकडेच संपले. बगळेसाहेबांनी बीळ दाजीबाच्या हद्दीत धरलं आणि दगड रोवला. अजगर झोपलाय, असं भागूने दाखवून दिलं. मोजमाप झोपेत असल्याबद्दल हरकत घेण्याची तरतूद नाही, असं साहेबांनी एका पायावर उभं राहून समजावलं.

भागू महसूलमंत्री तरसाकडे गेली. पिल्लांना घेऊन कुठे जाऊ, असं तिने विचारलं. निवडणूक जवळ होती, म्हणून तरसाने तिचं सगळं ऐकून घेतलं.

"सरकारी अजगर वाकडा नसतो, बाई," तो म्हणाला. "जमीन वाकडी असते."

"मग याच अजगराने सगळ्यांचीच मोजा," भागू रागाने म्हणाली.

तरसाला ही कल्पना फार आवडली. पुढच्याच सभेत त्याने 'घर तिथे हद्द, हद्द तिथे विकास' अशी घोषणा दिली. शेजाऱ्याची जमीन कमी होणार, या आनंदात प्रत्येकाने टाळ्या वाजवल्या.

मोजणी सुरू झाली. आता अजगर खूश राहावा म्हणून प्रत्येक जण जेवण आधीच वाढू लागला, त्यामुळे अजगर जाड होत गेला आणि आखूडही. दाजीबाचं लोळायचं डबकं सशांच्या हद्दीत गेलं. सशांची बिळं तळ्यात निघाली. माकडांची झाडं एका कासवाच्या नावावर झाली. शेवटी राजाची गुहा आली. वाघासमोर अजगर भीतीने इतका आक्रसला की गुहा राजाच्या हद्दीबाहेर पडली. ती कोणाच्या तरी नावावर टाकणं भाग होतं. बगळेसाहेबांनी पहिल्या अर्जदाराच्या, म्हणजे भागूच्या नावावर टाकली.

नियमाप्रमाणे भागू ताबा घ्यायला गेली. पिल्लं तिच्या पोटाखाली लपली होती. वाघ आत बसून पंजा चाटत होता.

"गुहा तुझी आहे, हे मला मान्य आहे," तो सौम्यपणे म्हणाला. "मालकी तुझ्याकडे राहू दे, ताबा माझ्याकडे. आत येतेस?"

भागू नको म्हणाली आणि पाठ न वळवता बिळाकडे परतली.

दुसऱ्या दिवशी फर्मान निघालं. मोजणी अचूक आहे. प्राणी चुकीच्या जागी राहत आहेत. जो जिथे राहतो, तो तिथला अतिक्रमणदार समजावा.

संध्याकाळी दाजीबा भागूच्या दाराशी येऊन बसला. ससे डबक्याचं भाडं मागताहेत, असं म्हणाला. नाक त्याने जमिनीला लावलं नाही. भागूने त्याच्यापुढे एक कंद सरकवला. तो कायद्याने नक्की कोणाचा, हे दोघांनाही सांगता आलं नसतं.

आता त्या जंगलात स्वतःच्या घराचा मालक कोणीच नाही. निवडणूक आली की सगळ्यांना अतिक्रमणं कायम करण्याचं वचन मिळतं आणि निवडणूक झाली की पुन्हा मोजणी लागते.