बादलीवाली बाई

"मग ही बाई कापून टाकू ना, बाबा?"

एका हातात फिल्मची पट्टी धरून त्र्यंबकने कात्री उचललीही होती. जत्रेच्या माळावर तंबू ठोकून झाला होता. कनाती सोडल्या होत्या आणि आत भरदुपारी तिन्हीसांज झाली होती.

सैदूबाबा फकीर माणूस. गावोगाव हिंडून लोकांना जगाच्या मुक्या बातम्या पडद्यावर दाखवायच्या, हीच त्यांची इबादत. आता खांदा साथ देईना. यंत्राचं हँडल कुणाच्या तरी हाती सोपवायला हवं होतं. बी.ए. झालेला त्र्यंबक त्याच आशेवर वर्षभर त्यांच्यामागे फिरत होता.

"का रे? तिनं काय केलंय?"

"महायुद्ध संपलंय, बाबा! विलायतेतलं अख्खं शहर रस्त्यावर उतरलंय. सेनापती, तोफा, घोडे... आणि मधेच ही! पाठ फिरवून नळावर बादली भरतेय. लोकांना जग दाखवायचं की हिची बादली?"

"बरं, पंडित. आधी एकदा चालव. नीट चालवलंस तर हँडल तुझं. नियम ठाऊक आहे ना?"

"हात थांबवायचा नाही. थांबला की दिव्याच्या आचेनं फिल्म जळते."

घर्र... घर्र...

पडद्यावर टोप्या उडाल्या. हजार तोंडं उघडली, आवाज एकाचाही नाही. घोडे पाण्याखालून चालल्यासारखे तरंगत गेले. त्र्यंबक एकेका सेनापतीचं नाव घडाघडा सांगत होता.

मग ती आली.

"ही कोण?" बाबांनी विचारलं.

"असेल कुणी. पाणी भरतेय."

"कुणासाठी?"

त्र्यंबकने पडद्याकडे पाहिलं.

बाईच्या बाहीला ठिगळ होतं. इतक्यांदा पाहूनही ते त्याला दिसलं नव्हतं. एवढी मिरवणूक पाठीमागून चाललेली, आणि ही वळून बघत नव्हती. घरी कोण असेल हिच्या? लढाईवरून कुणी परत आलं असेल? की...

पडद्यावर तपकिरी डाग उमटला. ठिगळापासून पसरत गेला. बाबांनी झटकन दिव्यावर झाकण ओढलं.

अंधार. जळका वास.

त्र्यंबकने हँडलवरचा थांबलेला हात मागे घेतला.

"चुकलो, बाबा. हँडल नको मला... पण ती गेली हो! तेवढाच तर तुकडा होता तिचा. आता लोकांना काय दाखवू?"

बाबांनी चाचपडत जळका भाग कापला. टोकं जोडली. मग अंधारातच त्याचा हात शोधला आणि हँडलवर नेऊन ठेवला.

"फिरव, आणि आता तिचं तू सांग," ते म्हणाले. "तिची बादली भरायची राहिलीय."