थोरलीची हाक

मुलांनो, एका रुंद नदीच्या पलीकडे उघडा माळ होता आणि त्या माळावर काळविटांचा एक कळप पिढ्यान्‌पिढ्या राहत असे. माळ कसला, तर नजर पोचेल तिथपर्यंत गवत आणि वर आभाळ. आडोसा असा कुठे नाहीच. त्यामुळे तिथे कुणी कुणाला हाका मारत नसे. लांडगा ज्याला आधी दिसे, तो जागच्या जागी उंच उंच उड्या मारू लागे. त्या उड्या साऱ्या माळाला दिसत, आणि पापणी लवते न लवते तोच कळप वाऱ्यासारखा पळत सुटलेला असे.

याच कळपात एक बहीण-भाऊ होते. बहीण नुकती कुठे मोठी होऊ लागली होती. भाऊ अजून आईच्या पायांत घुटमळणारा. आई त्यांना थोरली आणि धाकटा म्हणे, म्हणून आपणही तसेच म्हणू.

एका हिवाळ्यात माळावर लांडग्यांची मोठी टोळी उतरली. याआधीही लांडगे येत, एखादे जनावर नेत आणि निघून जात. ही टोळी मात्र गेलीच नाही. तिने पाणवठा धरला, टेकाड धरले, गवतातल्या वाटा धरल्या. कळपातले जाणते म्हणत, "जरा दम धरा, जातील." पण ते काही जाईनात. एका सकाळी थोरलीचा बाप चरायला गेला, तो परत आला नाही. मग एका दुपारी टोळीने कळपाला चहूबाजूंनी घेरले. नुसती धूळ आणि धावपळ. आईने दोघा पाडसांना ढुशा देत नदीकडे पिटाळले.

"पाण्यात उतरा. पलीकडे झाडं दिसतात ना, तिकडे जा. थोरले, याला सोडू नकोस."

"आणि तू?"

"मी येते मागून."

एवढे बोलून आई वळली आणि लांडग्यांच्या डोळ्यांदेखत उलट्या दिशेने धावत सुटली. लांडगे तिच्या मागे गेले.

नदीला ओढ होती. धाकट्याने बहिणीच्या पाठीवर हनुवटी टेकली आणि डोळे गच्च मिटून घेतले. मधल्या धारेत दोघे वाहवत गेले, एकदा तर पार पाण्याखाली गेले, पण थोरली पाय मारत राहिली. पलीकडच्या काठाला लागली तेव्हा तिच्या अंगात उभे राहण्याचेही त्राण नव्हते. तरी तिने मान वळवून मागे पाहिले. माळावर धूळ दिसत होती. मागून कुणीच येत नव्हते.

इथे होते घनदाट जंगल. काठावर चितळांचा कळप पाणी पीत होता. ही दोन भिजलेली पोरे पाहून सगळे थबकले.

"हे कोण? यांच्या अंगावर ठिपकेसुद्धा नाहीत!" एक तरणा चितळ म्हणाला.

म्होरक्या पुढे आला. तो दुष्ट नव्हता, पण त्याच्यावर कळपाची जबाबदारी होती. "हे बघा, आमच्याच पाडसांना कोवळं गवत पुरत नाही," तो म्हणाला, "त्यात आणखी दोन तोंडं कुठून सांभाळू?"

तेवढ्यात एक चितळ मावशी गर्दीतून वाट काढत आली. "अहो, लेकरं कुडकुडताहेत. आधी अंग तर सुकू द्या त्यांचं, मग काय ते विचारा." आणि ती सरळ दोघांच्या मध्ये जाऊन बसली. तिच्या उबेला धाकटा लगेच झोपी गेला. झोपलेल्या पोराला हाकलणे म्होरक्याच्याने झाले नाही.

"राहू देत," तो म्हणाला. "पण कळपाच्या कडेला. आणि इथली बोली शिकायची."

कळपाची कडा म्हणजे सर्वांत धोक्याची जागा, हे थोरलीला चांगले कळत होते. तरी ती म्हणाली, "चालेल."

जंगल त्या दोघांना काही केल्या उमजेना. धावायला लागले की चार उड्यांत समोर झाडाचा बुंधा. आभाळ पाहायचे तर मान पार मागे टाकावी लागे. गवत थोडे, पालाच फार. आणि कुठला पाला कडू, कुठला गोड, हे खाल्ल्यावरच कळायचे. "ताई, आपण रानात आलोय की पोत्यात?" धाकटा विचारी. थोरलीला हसू येई आणि मग रडूही येई. पण रडायचे ते ती झाडाआड जाऊन रडे.

सर्वांत अवघड होती ती बोली. इथे झाडीमुळे कुणाला कुणी दिसत नसे, म्हणून सगळा कारभार हाकांवर चाले. वानरे वरून खाकरत, मोर ओरडे, सांबर 'ढांक्' असा आवाज काढी, आणि प्रत्येक आवाजाचा अर्थ वेगळा. थोरलीला तो सगळा गलकाच वाटे. चितळांच्याच दोन हाका घ्या ना. आखूड, तुटक 'कुक्!' म्हणजे 'बिबट्या, पळा!' आणि सावकाश लांबवलेले 'कूऽऽक' म्हणजे 'या, इथे खायला आहे!' माळावर जन्मलेल्या गळ्याला हा फरक सहज कसा यावा?

पण थोरली हटून बसणारी होती. अर्जुनाच्या झाडावर एक म्हातारी वानरीण राहत असे. थोरली रोज सकाळी त्या झाडाखाली जाऊन उभी राही.

"आजी, आज काय शिकवणार?"

"आज काही नाही. आज नुसतं ऐक," वानरीण म्हणे. "तुझे डोळे चांगले आहेत, पण इथे पहिला मान कानांचा."

थोरली ऐके, घोके, चुके आणि पुन्हा घोके. धाकट्याला मात्र यातले काहीच करावे लागले नाही. तो चितळांच्या पाडसांबरोबर दिवसभर हुंदडे आणि खेळता खेळता त्याची जीभ आपोआप वळली. थोड्याच दिवसांत तो असा बोलू लागला, की डोळे मिटून ऐकले तर तो जंगलातलाच वाटावा.

वसंतात मोह फुलला. एका सकाळी वानरांनी फांद्या हलवल्या आणि झाडाखाली फुलांचा सडा पडला. तो आधी दिसला थोरलीला. तिला केवढा आनंद झाला! आजवर या कळपाने तिला दिले होते. आज तिच्याजवळ द्यायला काहीतरी होते. तिने मान उंचावली आणि जीव ओतून हाक दिली. पण आनंदाच्या भरात श्वास पुरला नाही. हाक लांबवायची राहिली आणि तोंडून निघाले, "कुक्!"

झाले! सारा कळप शेपट्या उंचावून काट्याकुट्यांतून पळाला. एक पाडस पडले, त्याचा गुडघा फुटला. कुठेच काही नाही असे पाहून सगळे धापा टाकत परतले, तोवर रानडुकरांनी मोहाखालचे एकेक फूल फस्त केले होते. ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका तुम्हीही करता, मुलांनो. पण तुमच्या चुकीवर बाईंची एक लाल रेघ येते आणि विषय संपतो. थोरलीच्या चुकीने कळप उपाशी राहिला.

त्या दिवसापासून तो तरणा चितळ तिला पाहिले की ओरडे, "कुक्! या, या, जेवायला या!" आणि सगळे फिदीफिदी हसत. म्होरक्या म्हणाला, "बोली नीट येईपर्यंत तू आपली गप्प राहा, बाई." हे सारे तिने गिळले. पण संध्याकाळी धाकटा जवळ आला आणि खाली मान घालून म्हणाला, "ताई, सगळ्यांसमोर नको ना बोलत जाऊस. मला चिडवतात."

ते मात्र तिच्या जिव्हारी लागले. नदीच्या धारेत ज्याला पाठीवर घेतले, त्यालाच आपल्या आवाजाची लाज वाटावी! ती रागावली नाही. "बरं," एवढेच म्हणाली, आणि त्यानंतर कळपात तिचा आवाज कुणी ऐकला नाही.

तरीही रोज सकाळी ती अर्जुनाखाली जातच राहिली. "बोलायचं नाही म्हणतेस, मग शिकतेस कशाला?" वानरिणीने विचारले.

"बोलायचं नसलं तरी बोलता यायला हवं, आजी."

वानरीण एक फांदी खाली उतरली. मग म्हणाली, "चल, पुन्हा म्हण."

उन्हाळा आला. जंगलातले झरे आटले आणि एका तळ्यात तेवढे पाणी उरले. त्याचा निम्मा भाग वाळून मोकळे पटांगण झाले होते. दुसऱ्या बाजूला, चिखलाला लागूनच, वाळके गवत उंच वाढलेले. एका दुपारी कळप तिथे पाण्यावर आला. वानरे त्या दिवशी दूर उंबरावर गेली होती, म्हणजे वरून पाहणारे कुणी नव्हते. सगळ्यांच्या माना पाण्यात होत्या. पाडसे चिखलात खेळत होती, त्यांतच धाकटाही होता. थोरली नेहमीसारखी कडेला उभी होती.

वारा आला. गवत एका बाजूला झुकले. पण गवतातला एक पिवळा तुकडा झुकला नाही.

थोरलीने ओळखले. बिबट्या! कसलाही विचार न करता तिच्या पायांनी माळावरचे तेच केले. ती उंच उडाली. पुन्हा उडाली. पण वर मान करून पाहतो कोण? एका पाडसाने पाहिले आणि ते हसून म्हणाले, "बघा, ती नाचतेय!"

ती एकटी सहज निसटली असती. मोकळे पटांगण तिच्या मागेच होते, आणि सपाटीवर तिला गाठणारा त्या जंगलात कुणी नव्हता. पण चिखलात पाडसे होती, धाकटा होता. पुन्हा चुकले तर? पुन्हा सगळे हसले तर? मग तिने ते सारे बाजूला सारले आणि हाक दिली.

"कुक्!"

आवाज चिरका आला. माना वर झाल्या. तरणा चितळ खिदळला, "आली! जेवणाची हाक आली!" म्होरक्या घुटमळला. हिचे खरे मानावे की नाही, त्याला ठरवता येईना. तेवढ्यात गवतातला पिवळा तुकडा पुढे सरकला.

"कुक्! कुक्!" थोरली जागची हलली नाही. आता बिबट्याचे डोळे तिच्यावरच होते, हे तिला दिसत होते.

चितळ मावशीने गवताकडे पाहिलेसुद्धा नाही. "पोरगी सांगतेय ना! पळा!" ती कडाडली आणि आपल्या पाडसाला ढकलत निघाली. आणि चिखलातून धाकटा उठला. सगळ्यांदेखत धावत बहिणीशेजारी येऊन उभा राहिला आणि जंगलातल्या त्या अस्सल उच्चारात, गळा फाटेस्तोवर ओरडला, "कुक्! माझी ताई खरं सांगतेय! कुक्!"

कळप उधळला. त्याच क्षणी बिबट्याने झेप घेतली आणि तो पाडसे खेळत होती त्या रिकाम्या चिखलात फच्चकन आदळला. चिडून तो या दोघांकडे वळला. पण समोर होते सपाट, मोकळे पटांगण. "पळ!" थोरली म्हणाली. कित्येक महिन्यांनी दोघे पोटभर धावले. बिबट्या थोडा वेळ मागे आला, मग थांबला आणि जीभ बाहेर काढून बसला.

संध्याकाळी कळप टेकडीमागे गोळा झाला. एकही पाडस कमी नव्हते. म्होरक्या थोरलीजवळ आला.

"तुझा उच्चार अजून चुकतो," तो म्हणाला.

"हो," थोरली म्हणाली.

"चुकू दे. कान आम्ही सुधारू." मग तो म्हणाला, "आणि कडेला नको राहूस. आत ये."

तरणा चितळ ओशाळून उभा होता. काहीतरी बोलायला हवे म्हणून तो म्हणाला, "आता ही खरी आपली झाली."

"ती नदीतून वर आली तेव्हाच आपली झाली होती," मावशी म्हणाली. "तुम्हाला कळायला बिबट्या यावा लागला."

थोरली आत जाऊन बसली. धाकटा तिला टेकला. बराच वेळ तो चुळबुळत होता. शेवटी हळूच म्हणाला, "ताई, माळावरची गोष्ट सांग ना. आईची." ती कानात कुजबुजू लागली, तशी आजूबाजूची पाडसे सरकत सरकत जवळ आली. "मोठ्याने सांग ना, आम्हालाही ऐकायचंय!"

थोरलीने एकदा धाकट्याकडे पाहिले. तो म्हणाला, "सांग ना, मोठ्याने."

मग ती सांगू लागली. नजर पोचेल तिथपर्यंतचे गवत, वाऱ्याशी लावलेल्या शर्यती, आणि एकदा उडी चुकल्यामुळे आईच काट्याच्या झुडपात कशी जाऊन बसली होती, ते. तिच्या बोलण्यात आखूडचे लांब होत होते आणि लांबचे आखूड. कुणी हसले नाही. सगळे हसले ते एकदाच, आई झुडपात बसली तेव्हा; आणि त्या वेळी सर्वांत मोठ्याने थोरलीच हसली.

तात्पर्य : घर हिरावले गेले तरी जो नव्या जागी पुन्हा पहिल्या अक्षरापासून शिकायला लागतो, त्याच्याइतका शूर कोणी नाही, म्हणून त्याच्या चुकलेल्या शब्दांना हसू नये, तो काय सांगतो आहे ते ऐकावे.