आईच्या पायाखालचा पाट

"मग ती मोठी होते कुठं?"

कुमुदताईंनी पावटे सोलता सोलता विचारलं. लॅपटॉपवर शार्दूलचा नवा सिनेमा नुकताच संपला होता.

कुणाच्या दारी हात न पसरता ताईंनी जन्मभर वाढत्या वयाच्या मुलांचेच सिनेमे केले. शार्दूल स्वतःला त्यांचा शिष्य म्हणवायचा. मुलाखतीत जरा जास्तच.

"शेवटी, ताई. बंधाऱ्यावर. ती रडते ना, तिथं."

"रडते तर ती पहिल्यापासूनच."

महोत्सवाच्या निवड समितीनंही शार्दूलला हेच कळवलं होतं. मुलगी मोठी होताना दिसत नाही, दुरुस्त करून पुन्हा पाठवा. उद्या शेवटचा दिवस होता.

"संगीत वाढवू?"

"कशाला? ऐकू येतंय मला."

...

"तुम्हाला काय माहीत, काय काय निस्तरलंय ते!" शार्दूल उसळला. "गोष्ट एका उन्हाळ्याची, शूटिंग चाललं तीन उन्हाळे. मुलीचं काम करणारी मैना नुसती ताडमाड वाढत सुटली. फ्रॉकची दुमड उसवली. उंची दिसू नये म्हणून तिला बसवूनच शॉट घेतले. शेवटी शेवटी तर आईचं काम करणाऱ्या बाईंना पाटावर उभं केलं!"

"पाटावर?"

"वेणीच्या दृश्यात. आई मागं उभी राहून वेणी घालते. पण पोरगी आईच्या वर निघाली होती. आता कुणाला पत्ता तरी लागतोय का?" त्याच्या आवाजात कारागिरीचा अभिमान होता.

"नाही बाई. मलासुद्धा नाही लागला." ताईंनी परात बाजूला सारली. "पाट आणण्याआधीचा टेक आहे?"

"आहे. पण तो बिघडलाय."

"लाव."

त्यानं नाइलाजानं लावला.

आई वेणी घालायला हात उचलते. हात पुरत नाही. ती टाचा उंचावते, तरी पुरत नाही. घटकाभर तशीच थांबते, पोरीच्या डोक्याकडे बघत.

मैना मागं वळून बघत नाही. फक्त गुडघ्यात जरा वाकते.

आईचा हात पोचतो.

तेवढ्यात शार्दूलचा आवाज, खणखणीत: "कट! अगं, वाकतेस काय? अरे, पाट आणा कुणीतरी!"

शॉट संपला. शार्दूलला स्वतःचाच आवाज जरा मोठा वाटला.

"कुणी सांगितलं होतं तिला वाकायला?"

"कुणीच नाही. म्हणून तर कट म्हटलं."

...

ताईंनी पुन्हा परात ओढली. एक शेंग सोलली. दुसरी सोलली.

"पण ताई," त्याचा आवाज आता बराच खाली आला होता, "हा घेतला तर उंची लपत नाही. एका उन्हाळ्याचा सगळा हिशेबच चुकतो. लोक म्हणतील, दिग्दर्शकाला एवढंही कळलं नाही..."

"म्हणू देत. तू पाट काढ."